समुद्रकाठचे खून: मावशीला आधी कुठलं पुस्तक द्यावं?

सोलापूरकराला समुद्र बघायचा म्हणजे रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेसमध्ये बसायचं, पहाटे अर्धवट झोपेत मुंबईला उतरायचं आणि मग कुठंतरी गर्दीतून तो दिसणार. म्हणूनच की काय, समुद्रकाठच्या गावातल्या गोष्टी वाचायला मला जी मजा येते ती रोज समुद्र बघणाऱ्या माणसाला येत असेल का, शंका आहे. मे महिना, बाहेर ४२-४३ डिग्री, कूलर नुसता गरम वारा फेकतोय, आणि पुस्तकात मात्र ओली वाळू, बोचरा वारा, कोट घालून कुत्रं फिरवणाऱ्या बायका आणि मधेच एखादं प्रेत. एसीपेक्षा स्वस्त पडतं.

तर या प्रकाराला इंग्रजीत कोझी मिस्टरी म्हणतात. खून असतो पण रक्ताचे पाट नसतात, तपास करणारी व्यक्ती पोलीस नसते, पैसेही घेत नाही, रिटायर्ड मास्तरीण, शेजारीण, बेकरीवाली अशी कुणीतरी असते, गाव छोटं असतं आणि सगळ्यांना सगळ्यांचं माहीत असतं. म्हणजे आमच्या पेठेसारखंच की. आमच्याकडं चार-पाच दिवसांनी नळाला पाणी येतं, त्या दिवशी अख्खी गल्ली बाहेर असते आणि घागरी भरेपर्यंत कुणाचं कुणाशी फाटलंय, कुणाकडं रात्री रिक्षा थांबली होती, सगळं कळतं. कोझीतली हेरगिरी याच तत्त्वावर चालते.

हे सगळं लिहायचं कारण माझी मावशी. बँकेतून रिटायर झाली, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, नजर चांगली झाली आणि म्हणाली, "अगं ते तू वाचतीस ना खुनाचं, तसलं काहीतरी दे की मला, पण रात्री भ्या वाटंल असलं नको." तरुणपणी रहस्यकथांची पॉकेटबुकं खाल्लेली बाई आहे, त्यामुळं कोड्याला घाबरत नाही. इंग्रजी बँकेतलं, म्हणजे वाचता येतं पण सवय नाही. माझ्यासमोर तीन पर्याय होते: अगाथा ख्रिस्तीची मिस मार्पल (खेड्यात राहून खून सोडवणारी म्हातारी), रिचर्ड ऑस्मनचा गुरुवारवाला क्लब आणि सायमन ब्रेटची फेदरिंग नावाच्या गावातली मालिका. मी चुकीचं आधी दिलं, ते कसं ते पुढं येईलच.

ख्रिस्तीपासून सुरू करते कारण सगळे तिथूनच सुरू करतात. बाई स्वतः समुद्रकाठची, १८९० साली इंग्लंडच्या टॉर्कीत जन्मली. पण मिस मार्पलचं स्वतःचं गाव सेंट मेरी मीड, तिथं समुद्र नाहीये. समुद्र हवा असेल तर दोनच नावं लक्षात ठेवा. १९४२ चं 'द बॉडी इन द लायब्ररी', यात प्रेत सापडतं खेड्यातल्या कर्नलच्या घरी पण धागे जातात डेनमथ नावाच्या समुद्रकाठच्या गावातल्या हॉटेलात. आणि दुसरं 'स्लीपिंग मर्डर', जे ख्रिस्तीने लिहून कित्येक वर्षं तसंच ठेवलं होतं आणि ती गेल्यावर १९७६ ला बाहेर आलं. नुकतं लग्न झालेली ग्वेंडा न्यूझीलंडहून येते, डिलमथ नावाच्या गावात घर घेते आणि तिला वाटतं इथं भिंतीत दार हवं, मिस्त्री भिंत फोडतो तर तिथं आधी खरंच दार होतं. खोलीला कसला वॉलपेपर लावावा हे तिच्या मनात येतं आणि बंद कपाट उघडल्यावर आत नेमका तसलाच वॉलपेपर! इथं माझ्या अंगावर काटा आला होता, भर उन्हाळ्यात. मग मिस मार्पल डॉक्टरकडनं समुद्राची हवा खायचा सल्ला मिळवून तिथं पोचते, लबाड म्हातारी.

कोडं म्हणून बघाल तर तिघांत ख्रिस्तीच वरचढ, यात वाद नको. सगळे धागे तुमच्या समोर ठेवलेले असतात आणि तरी शेवटी कपाळावर हात मारायची वेळ येते. भाषाही साधी, संवाद जास्त, वाक्यं आटोपशीर. पुस्तक छोटं, सकाळच्या हुतात्मा एक्सप्रेसने पुण्याला जाऊन संध्याकाळी परत आलात तर जाता-येता संपतं. क्रमाची भानगड फारशी नाही, कुठलंही उचला. मराठी भाषांतरंही मिळतात, म्हणजे इंग्रजीचा कंटाळा असेल तर हाच सोपा रस्ता. पण एक आहे, माणसं जरा पुठ्ठ्याची वाटतात. खून सुटला की ती डोक्यातनं पुसली जातात, राहते फक्त मार्पल आणि तिचं ते "हा अगदी आमच्या गावातल्या अमक्यासारखा" म्हणणं. तिची सगळी अक्कल या एका वाक्यात आहे, आणि खरं सांगू का, माझी मावशीपण असंच बोलते.

ऑस्मनचं उलटं. टीव्हीवरचा क्विझवाला माणूस, २०२० ला 'द थर्सडे मर्डर क्लब' लिहिलं आणि धो धो खपलं, २०२५ मध्ये नेटफ्लिक्सवर पिक्चरपण आला, हेलन मिरेन आणि पिअर्स ब्रॉस्नन असलेला. केंट परगण्यातल्या एका भारी रिटायरमेंट वसाहतीत चार म्हातारे दर गुरुवारी जमतात आणि जुन्या न सुटलेल्या केसेस चघळतात. (आमच्याकडं गुरुवार म्हणजे अक्कलकोट, स्वामींचं दर्शन, त्यांच्याकडं गुरुवार म्हणजे खून. असो.) एलिझाबेथ पूर्वी गुप्तहेर होती त्यामुळं तिला हौशी म्हणणं म्हणजे निवृत्त पैलवानाला नवखा म्हणण्यासारखं आहे, जॉईस नर्स, रॉन कामगार युनियनचा जुना नेता आणि इब्राहिम मानसोपचारतज्ज्ञ. आपल्या सोलापुरानं गिरण्या, संप, युनियन सगळं बघितलंय त्यामुळं रॉन इथं लगेच ओळखीचा वाटतो, असला एक म्हातारा प्रत्येक चाळीत असायचाच, आवाज मोठा आणि मन मऊ.

समुद्र म्हणाल तर इथं नावापुरता. जवळचं फेअरहेवन हे गाव समुद्रकाठचं आहे, पोलीस तिथले, पण खरी गोष्ट घडते वसाहतीच्या बाकांवर आणि केकच्या तुकड्यांवर. कोडं मधेमधे सैल पडतं, योगायोग जास्त. पण माणसं! जॉईसची डायरी मी दोनदा वाचली, निव्वळ तिचं बोलणं ऐकायला. प्रकरणं दोन-तीन पानांची, म्हणजे कुकरच्या शिट्ट्यांच्या मधे वाचून होतात. क्रम मात्र पाळा, २०२० पासून पुढं पाच भाग झालेत आणि माणसांची आयुष्यं पुढं सरकतात, तिसऱ्यापासून सुरू केलं तर पहिल्याची मजा गेली.

आणि हेच पुस्तक मी मावशीला आधी दिलं. हलकंफुलकं आहे, म्हातारी माणसं आहेत, आवडेल म्हणून. डोक्यातच आलं नाही की एलिझाबेथचा नवरा स्टीफन, त्याला विसरण्याचा आजार आहे, कधी सगळं आठवतं, कधी काहीच नाही, आणि ती रोज ते लपवत, सावरत जगते. आमचे काका शेवटची तीन वर्षं तसेच होते. मावशीने आठवड्याने पुस्तक परत आणून दिलं, शेंगाचटणीच्या डब्यासोबत, आणि एवढंच म्हणाली, "चांगलंय गं, पण आत्ता नको." मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तेव्हा कोझी म्हणून कुणाला पुस्तक देताना खून किती रक्ताळ आहे हे सगळे बघतात, दुखणं कुठलं आहे हे कुणी बघत नाही, तुम्ही तेवढं बघा. ऑस्मन हसवतो पण म्हातारपण, एकटेपण, मरण हे सगळं त्यात खरंखुरं आहे. घरात नुकतं काही झालं असेल तर थांबा.

मग तिसरं, फेदरिंग. सायमन ब्रेट हा जुना रेडिओवाला, बीबीसीत काम केलेला, त्यामुळं संवाद कानाला बरोबर लागतात. पहिलं पुस्तक 'द बॉडी ऑन द बीच', साल २०००. वेस्ट ससेक्सच्या किनाऱ्यावरचं हे काल्पनिक गाव, रिटायर्ड लोकांनी भरलेलं, शिस्तीचं, पडदे नीट ओढलेलं. कॅरल सेडन ही होम ऑफिसमधनं, म्हणजे तिथल्या गृहखात्यातनं, रिटायर झालेली घटस्फोटित बाई, नीटनेटकी, कुणाशी जास्त न बोलणारी, तिला किनाऱ्यावर गलिव्हर नावाच्या कुत्र्यासोबत फिरताना प्रेत दिसतं. पोलीस येईपर्यंत प्रेत गायब! पोलिसांना वाटतं बाईला भास झाला. आणि शेजारी नवीन राहायला आलेली ज्यूड, मोकळीढाकळी, आडनाव न सांगणारी, तिचा मात्र हिच्यावर विश्वास बसतो. बास, जोडी जमली.

या मालिकेत मला सगळ्यात जास्त आवडतं ते गाव. खरा समुद्र इथं आहे, भरती-ओहोटी, लाटा अडवायला घातलेले लाकडी बांध, हिवाळ्यात ओस पडलेला किनारा, आणि क्राउन अँड अँकर नावाचा पब जिथं टेड क्रिस्प नावाचा मालक फालतू विनोद सांगतो आणि बातम्या फिरतात. पबच्या जागी आपली पार्क चौकातली चहाची टपरी ठेवा, फरक नाही. कोडं मध्यम, कधीकधी मला अर्ध्यातच कळलंय. वेग संथ, अगदी संथ, शंभर पानं दोघी नुसत्या लोकांकडं चहाला जातायत असं वाटेल. इंग्रजीत तिरकस बोलणं भरपूर, कोण कुठल्या थरातला, कुणाचे पडदे कसले, हे टोमणे पहिल्यांदा निसटतात, पण ज्यांनी सोसायटीच्या मिटिंगा काढल्यात त्यांना लवकर उमगतात. क्रम पाळलात तर बरं, नाही पाळलात तरी चालतं. वीसेक पुस्तकं आहेत त्यामुळं आवडलं तर दोन उन्हाळे निघतात. अडचण एवढीच की दुकानात सहज दिसत नाहीत, किंडलवर घ्यावी लागतात, पण मावशीसाठी तेच बरं झालं कारण अक्षर हवं तेवढं मोठं करता येतं.

चौथा पर्याय कुणीतरी सुचवणारच म्हणून सांगून टाकते, अमेरिकेतल्या मेन राज्यातलं कॅबट कोव्ह हे काल्पनिक गाव, तिथली 'मर्डर, शी रोट' ही सिरियल १९८४ ते १९९६ चालली, २६४ भाग, आणि तिच्यावर कादंबऱ्याही निघाल्या. जेसिका फ्लेचर, पूर्वी इंग्रजीची शिक्षिका, आता रहस्यकथा लेखिका, गाडी चालवत नाही, सायकलवर फिरते. छान आहे, पण कादंबऱ्या मला सिरियलच्या उष्ट्या वाटतात. शिवाय त्या छोट्याशा गावात इतके खून होतात की लोकांनी त्यावरनं कॅबट कोव्ह सिंड्रोम असं नावच काढलंय, आणि गंमत म्हणजे सिरियलमधला अटलांटिक किनारा बराचसा कॅलिफोर्नियातल्या मेंडोसिनोत शूट केलेला, म्हणजे समुद्रसुद्धा डमी. घरातल्या बारा-चौदा वर्षांच्या पोरांसाठी शोधत असाल तर यातलं काहीच नको, सत्यजित रेंचा फेलूदा द्या, तो मराठीतही आलाय आणि 'हत्यापुरी' ही गोष्ट तर जगन्नाथपुरीच्या किनाऱ्यावरची आहे. तो हौशी नाही, व्यावसायिक गुप्तहेर आहे, पण पोरांना काय त्याचं.

मला विचाराल तर डोकं लावायला आवडत असेल, एकच पुस्तक वाचून बघायचं असेल तर 'स्लीपिंग मर्डर', डोळे झाकून. गप्पिष्ट माणसांची सोबत हवी असेल आणि मन ठीक असेल तर ऑस्मन. माझा जीव मात्र फेदरिंगवर, हे मला माहितीये की फार जणांना पटणार नाही, माझ्या नवऱ्याने वीस पानांत सोडलं, "काही घडतच नाही" म्हणे.

मावशीला मात्र फेदरिंग जमलं. कॅरल तिला आवडत नाही, "फार टापटीप, बाई गं," पण ज्यूड आवडते. आता दुसरा भाग चालू आहे, दुपारी जेवण झालं की खिडकीला ओला टॉवेल लावून बसते. गेल्या रविवारी गेले होते तर कडक भाकरी मोडता मोडता म्हणाली, "ते आधीचं पुस्तक आहे का गं तुझ्याकडं अजून? त्या स्टीफनचं पुढं काय झालं?" म्हणलं, आणून देते. ऑस्मनच्या मालिकेतल्या चौथ्या भागाबद्दल मी तिला अजून काही सांगितलेलं नाही.