‘द ज्युवेल इन द क्राउन’ : मेरिकसाठी हा डीव्हीडी संच घ्याच

भाच्याने फोर्टमधल्या एका जुन्या डीव्हीडी विकणाऱ्याकडून हा संच ६०० रुपयांना आणून दिला. भारतातल्या इंग्रज राजवटीच्या अखेरच्या वर्षांवरची, ब्रिटनच्या ग्रॅनाडा टेलिव्हिजनची १९८४ सालची मालिका, १४ भाग, जवळजवळ १३ तास. दादरला घरी, बाहेर धो धो पाऊस, आठ रात्रींत संपवली.

मी नाटकांच्या कपडेपटात ३१ वर्षं काढली. विंगेत उभं राहून नट बघायची सवय लागली की नायकाकडे लक्ष कमीच जातं. इथे माझी नजर खिळली ती टिम पिगॉट-स्मिथवर. त्याची भूमिका रोनाल्ड मेरिकची. मेरिक हा इंग्रज पोलीस अधिकारी, साध्या घरातून वर आलेला, गोऱ्या साहेबांच्या क्लबात कायम उपरा. हरी कुमार या भारतीय तरुणाला कोठडीत छळणारा हाच. (हरी झालाय आर्ट मलिक, तोही फार सुंदर.) मेरिकची चीड येते, अंगावर काटा येतो, पण त्याच्यावरून नजर हटत नाही.

पुढे मेरिक सैन्यात जातो, भाजतो, हात गमावतो. कलकत्त्याच्या इस्पितळात सारा लेटन ही इंग्रज लष्करी अधिकाऱ्याची मुलगी त्याला भेटायला येते तो प्रसंग मी तीनदा पाहिला. चेहऱ्यावर पट्ट्या, म्हणजे नटाचं अर्धं भांडवलच गेलं. उरला फक्त आवाज. तेवढ्यावर त्याने त्या माणसाचा सगळा एकटेपणा उभा केलाय, आणि तरीही कुठे दया मागितलेली नाही. नंतर खोट्या हातावर काळा हातमोजा येतो. आमच्याकडे असा हातमोजा दिला की नट तो मिरवतो. हा तो विसरल्यासारखा वावरतो, त्यामुळे आपल्याला तो विसरता येत नाही. या कामासाठी त्याला बाफ्टा हा ब्रिटनमधला मानाचा पुरस्कार मिळाला, ते योग्यच झालं.

इतकं गाजूनही तो पुढे बहुतेक दुय्यम भूमिकांतच दिसला. मंत्री, अधिकारी, दरबारी माणसं. नायकाचं वलय वाट्याला आलं नाही, पण रंगभूमी त्याने सोडली नाही. २०१४ साली लंडनमध्ये ‘किंग चार्ल्स थर्ड’ नाटकात तो राजा झाला, तेव्हा वय ६७.

संचाबद्दल सांगायचं तर चित्र जुनं, जरा दाणेदार, आवाज बारीक. इंग्रजी सबटायटल लावूनच बघा. माझ्या एका डिस्कवर ओरखडा निघाला, मधली चार-पाच मिनिटं अडकतात आणि विकणाऱ्याने बदलून दिली नाही. घेताना प्रत्येक डिस्क उजेडात धरून पाहा.

एप्रिल २०१७मध्ये पिगॉट-स्मिथ गेला. त्याच वर्षी आलेला ‘व्हिक्टोरिया अँड अब्दुल’ हा सिनेमा मी थिएटरात पाहिला होता. राणीचा सचिव पॉन्सनबी म्हणजे हाच, हे तेव्हा मला ठाऊकच नव्हतं. भाच्याला सांगितलंय, आता तो सिनेमा शोधून आण.