कोल्हापूरच्या पेठा सायकलवरून: दुधाचा पेला की क्राफ्ट बीअर?

सायकलवरून जुनं शहर बघायचं आणि त्यालाच जोडून क्राफ्ट बीअर, म्हणजे छोट्या भट्टीत थोडी थोडी बनवलेली बीअर चाखायची, अशा सहली परदेशात बऱ्याच शहरांत निघतात. आपल्याकडे पुण्यात २००९ साली डूलाली ही मायक्रोब्रुअरी, म्हणजे जागेवरच बीअर बनवून विकणारं ठिकाण, सुरू झाली आणि या प्रकाराची ओळख हळूहळू सायकलवाल्या ग्रुपांपर्यंतही पोचली. त्यामुळे शनिवार-रविवार गाठून कोल्हापूरला येणारी मंडळी हल्ली असाच बेत घेऊन येतात: पेठा सायकलवरून करू आणि मग बीअर. इथली माणसं मात्र त्यांना सांगतात, गंगावेशीत जाऊन दूध प्या, सकाळी मिसळ खा. एकाच फेरीत दोन्ही कोंबलं की दोन्हीची मजा जाते, म्हणून ही तुलना.

माझं मत आधीच सांगते. पेठा बघायच्या असतील तर दूध-मिसळीची फेरी घ्या. बीअर हवीच असेल तर सायकल दुसऱ्या रस्त्याला घाला आणि पहिला ग्लास हातात येण्याआधी तिला कुलूप लावा. दोन्ही बेत चांगले आहेत, पण त्यांचं शहर वेगळं आहे.

पेठांची फेरी पहाटेचीच. पंचगंगा घाटावरून निघा. उजाडताना घाटावर पोहणारे असतात, देवळांच्या पायऱ्यांवर अजून ओल असते आणि शिवाजी पूल धुक्यातून हळूहळू दिसू लागतो. घाटाला लागूनच ब्रह्मपुरीची टेकडी आहे. चढ छोटा आहे, गिअर नसलेली सायकलही निघते. आज तिथं वस्ती आहे, पण १९४५-४६ मध्ये डेक्कन कॉलेजने इथं उत्खनन केलं तेव्हा सातवाहनकाळातलं नांदतं गाव मातीखालून वर आलं. रोमन जगातून आलेली पोसायडन या ग्रीक समुद्रदेवाची छोटी कांस्यमूर्ती याच ब्रह्मपुरीत सापडली. ती टाऊन हॉलच्या संग्रहालयात आहे आणि फेरी तिथंच संपवायची असल्यामुळे सकाळी पाहिलेल्या मातीतली वस्तू दुपारच्या आत डोळ्यांसमोर येते.

ब्रह्मपुरीवरून खाली उतरलं की गंगावेश, मग पापाची तिकटी, मग महाद्वार रोड. हा पट्टा सायकलसाठीच आहे असं मला मनापासून वाटतं. चारचाकीत बसून इथं फक्त समोरच्या गाडीची पाठ दिसते आणि पायी गेलं तर उन्हाच्या आत अर्धंच पुरं होतं. मात्र दुकानं उघडायच्या आत जायला हवं. दहानंतर महाद्वार रोडवर सायकल हातात धरूनच चालावी लागते, नवरात्रात तर तीही नेऊ नका. अंबाबाईच्या देवळाजवळ सायकल लावून दर्शन घ्या आणि भवानी मंडपातून बाहेर पडा.

पुढचा टप्पा मी सगळ्यांना सावकाश करायला सांगते. शाहू महाराज १९०२ मध्ये युरोपला गेले, रोमचं प्राचीन क्रीडागार पाहून आले आणि १९१२ मध्ये कुस्तीचं खासबाग मैदान उभं राहिलं. मधे लढतीचा हौदा, भोवती चढत जाणारी बैठक. कुठेही बसा, कुस्ती दिसतेच. शेजारीच १९१५ सालचं पॅलेस थिएटर, म्हणजे केशवराव भोसले नाट्यगृह. ऑगस्ट २०२४ च्या आगीत ते जळलं तेव्हा अख्खं शहर हळहळलं. कुस्ती आणि नाटक या दोन्ही वेडांना एकाच राजाने एकमेकांशेजारी जागा दिली, हे या कोपऱ्यावर सायकल थांबवून पाहण्यासारखं आहे. तिथून बिंदू चौक जवळ. ९ डिसेंबर १९५० रोजी इथं महात्मा फुले आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे पुतळे बसले, बाबासाहेब हयात असताना. येणारे बरेच लोक चौक ओलांडून निघून जातात. दोन मिनिटं थांबा. शेवटी टाऊन हॉल, १८७० च्या दशकातली ब्रिटिश वास्तुविशारद चार्ल्स मँटची इमारत. सगळं मिळून अंतर पाच-सहा किलोमीटरचं, पण थांबत गेलात तर सकाळ त्यातच जाते.

या फेरीचं खाणं मिसळ. मटकी, फरसाण, वरून कट म्हणजे तिखट रस्सा आणि सोबत स्लाइस ब्रेड. कोणती मिसळ खरी यावर इथं घराघरांत दोन पक्ष आहेत, त्यात मी पडत नाही. एवढंच सांगते की पोटभर मिसळ फेरी संपल्यावर खा. आधी खाऊन उन्हात पेडल मारणं जड जातं.

दूध मात्र संध्याकाळचं, आणि त्यासाठी गंगावेशीत परत यायचं. दूध कट्टा म्हणजे दुकान समजू नका. रस्त्याकडेला म्हशी बांधलेल्या असतात, गवळी तुमच्यासमोर कास धुतो, धार थेट भांड्यात पडते आणि पेला हातात येतो तेव्हा तो कोमट असतो. वर बोटभर फेस. पहिला घोट घेतला की ओठावर मिशी उमटते, ती सगळ्यांच्याच उमटते. तालमीतली पोरं, दिवसभर दुकानात उभी असलेली माणसं, शाळकरी मुलाला घेऊन आलेले आजोबा, सगळे एकाच रांगेत. या गल्ल्यांतल्या तालमींनी दुधाला जी प्रतिष्ठा दिली तिचा हा जिवंत पुरावा आहे आणि तो पेठेतच उभा राहून प्यायचा असतो. मिसळीचा जाळ शमवायलाही दूधच लागतं, कारण मिरचीतला जाळ करणारा पदार्थ कॅप्सेसिन दुधातल्या केसीन या प्रथिनाला चिकटून जिभेवरून निघून जातं. बीअरचा फेस आणि मद्य उलट जळजळ वाढवतात.

इथं एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. हे दूध कच्चं असतं. गरोदर बाई, लहान मूल, प्रतिकारशक्ती कमी असलेला माणूस यांनी ते पिऊ नये. कच्च्या दुधातून ब्रुसेलोसिससारखे आजार होऊ शकतात. त्यांना गल्लीत कुठेही उकळलेलं मसाला दूध मिळेल. ते घ्यावं, काही बिघडत नाही.

आता बीअरची बाजू. ती मला कमी प्रिय आहे असं नाही. ताजी गव्हाची बीअर नीट थंड मिळाली तर उन्हाळ्याच्या संध्याकाळी तिच्यासारखं काही नसतं. पण ती पेठेत प्यायची गोष्ट नव्हे. या बेतात सायकलचा रस्ता बदला: न्यू पॅलेस बाहेरून पाहा. हीसुद्धा मँटचीच इमारत, काळ्या दगडातली, १८८४ मध्ये पुरी झालेली. मग शहर ओलांडून रंकाळ्यावर या, शालिनी पॅलेसच्या बाजूने जा आणि पाण्यातला संध्यामठ दिसेल तिथं टेका. रस्ते रुंद, हवा मोकळी. इतिहास इथं कमी आहे, डोळ्यांना विसावा जास्त. सूर्य मावळला की सायकली मुक्कामी ठेवून यायच्या आणि बीअरला रिक्षाने जायचं.

यावर हमखास एक वाद निघतो. दारू पिऊन गाडी चालवण्याबद्दलचं मोटार वाहन कायद्यातलं कलम १८५ मोटार वाहनांपुरतं आहे, मग सायकलला काय हरकत? हरकत अशी की तोल सायकलवरच सगळ्यात आधी जातो आणि संध्याकाळच्या केएमटी बससमोर तुमच्याभोवती पत्राही नसतो. टप्प्याटप्प्यावर एकेक ग्लास घेत पुढे जायची परदेशी पद्धत इथं आणू नका. महाराष्ट्रात बीअरसाठी वयाची अट २१ आहे आणि परवानाही लागतो. एक दिवसाचा परवाना सहज मिळतो. कोरडा दिवस (ड्राय डे, म्हणजे दारूविक्री बंद) आहे का, तेही तारीख ठरवतानाच बघा.

ठिकाणाला आधी फोन करून विचारा की बीअर टॅपवरची ताजी आहे की कॅनमधली, आणि कॅनमधली असेल तर कायम थंडीत ठेवलेली आहे का. क्राफ्ट बीअर बहुधा पाश्चराइज केलेली नसते. उन्हात राहिली की तिचा वासच जातो. चाखताना छोटे ग्लास मागवा आणि हलक्यापासून गडदकडे जा. विटबिअर या बेल्जियन गव्हाच्या बीअरमध्ये धणे आणि संत्र्याची साल असते, हेफेवायझेन या जर्मन गव्हाच्या बीअरला यीस्टमुळे केळ-लवंगेचा वास येतो. या दोन्ही कोल्हापुरी जेवणाशी जमतात. आयपीए ही कडवट बीअर मात्र तांबड्या रश्श्यासोबत घेऊ नका. हॉप्सचा, म्हणजे बीअरमध्ये घालतात त्या फुलांचा, कडूपणा आणि मिरची एकमेकांना चिथावतात, मग ना बीअर कळते ना रस्सा. पांढऱ्या रश्श्याची गोष्ट वेगळी. नारळाचं दूध, खसखस आणि मटणाचा अर्क असलेल्या त्या वाटीपुढे स्टाऊट ही गडद बीअरसुद्धा टिकते.

मला मनापासून वाटतं की कुणीतरी इथल्या गुळाची बीअर नीट करावी. कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. गुळातली साखर यीस्ट जवळजवळ पूर्ण खाऊन टाकते, त्यामुळे बीअर गोड होत नाही. अंगाने हलकी होते आणि मागे काकवीचा वास ठेवते. तशी बीअर शहरात टॅपवर मिळू लागली तर माझी ही तुलना मला नव्याने लिहावी लागेल.

तोवर निवड अशी. पहिल्यांदा येत असाल, सोबत आई-वडील किंवा मुलं असतील, इतिहासासाठी येत असाल, तर पहाट आणि दूध कट्टा. पेठा आधी पाहिलेल्या असतील आणि मित्रांसोबत निवांत बसायचं असेल, तर रंकाळा आणि बीअर. ग्रुपमध्ये काही पिणारे, काही न पिणारे असतील तर पहिलाच बेत घ्या. तिथं कुणी नुसतं बघत बसत नाही. पावसाळ्यात दोन्ही टाळा. २०१९ आणि २०२१ च्या पुरांनी जे केलं ते आठवत असेल. साध्या पावसातही घाट पाण्याखाली जातो. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम. फक्त ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी या किरणोत्सवाच्या संध्याकाळी महाद्वाराकडे सायकल नेऊ नका. मावळती किरणं त्याच दारातून देवीपर्यंत जातात आणि गर्दीही तिथंच असते.

दोन मुक्काम असतील तर शनिवारी पहाटे पेठा आणि मिसळ, संध्याकाळी गंगावेश, रविवारी दुपारी तांबडा-पांढरा आणि संध्याकाळी रंकाळ्यानंतर बीअर. हा क्रम उलटा लावू नका. आदल्या रात्री बीअर झाली की पहाटे साडेपाचला घाटावर कुणी पोचत नाही.