मेट्सची मॅच आज कुठल्या फलाटावर? एका सीझनच्या वापरानंतरचा अनुभव

2025 च्या जून महिन्यातली गोष्ट. मी ऑफिसातून घरी आले तर बाबा सोफ्याच्या कडेला रिमोट हातात धरून बसलेले. टीव्हीवर कुठल्यातरी जुन्या मॅचचं पुनःप्रक्षेपण चालू होतं. पावणेआठ वाजले होते.

"अगं, आज यांना सुट्टी आहे का? मी सात-दहाची वेळ लिहून ठेवलीय. पण फलाटावर गाडीच नाही."

सुट्टी नव्हती. मेट्सची, म्हणजे न्यूयॉर्कच्या बेसबॉल संघाची, मॅच सुरू होऊन नऊपैकी दोन इनिंग संपल्या होत्या. त्या दिवशीची मॅच एका स्ट्रीमिंग सेवेने स्वतःपुरती घेतली होती, त्यामुळे आमच्या नेहमीच्या चॅनलवर ती येणारच नव्हती. मी ॲप डाउनलोड केलं, पासवर्ड विसरले होते तो बदलला, टीव्हीवर आलेला सहा अंकी कोड फोनवर टाकला. चित्र दिसेपर्यंत चौथी इनिंग लागली. बाबा काही बोलले नाहीत, पण त्यानंतर रोज दुपारी जेवताना ते विचारायला लागले, "आज नक्की नेहमीच्याच ठिकाणी आहे ना?" हा अनुभव लिहायला बसले ते या प्रश्नापायी.

आम्ही एडिसनला, न्यू जर्सीत राहतो. बाबा सांगलीहून एप्रिलमध्ये आले आणि सहा महिने राहिले. एसटीत वाहतूक नियंत्रक होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. इकडे आलेल्या आईवडिलांचे दिवस कसे जातात ते आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलंय. आम्ही दोघं कामावर, मुलगी शाळेत, बाहेर चालत जावं तर दुकानसुद्धा लांब. त्यात त्यांना बेसबॉल सापडला. संघ एका सीझनमध्ये 162 मॅचेस खेळतो, म्हणजे एप्रिल ते सप्टेंबर जवळजवळ रोज मॅच. रोज ठरलेल्या वेळी येणारी गोष्ट या माणसाला आवडली नसती तरच नवल. त्यांनी कॅलेंडरच्या उलट्या पानावर पट्टीने रेघा मारून वेळापत्रक केलं आणि फ्रिजवर लावलं. रकाने चार: तारीख, वेळ, कोणाविरुद्ध, फलाट. फलाट म्हणजे चॅनल. सुरुवातीला त्या रकान्यात एकच नाव खालपर्यंत होतं, एसएनवाय, मेट्सच्या मॅचेस दाखवणारं इथलं केबल चॅनल. जूननंतर त्यात खाडाखोड सुरू झाली.

आता मुद्द्याचं. माझ्याकडे या सीझनभर होतं ते असं: केबल (एसएनवायसाठी), एमएलबी टीव्हीचं (मेजर लीग बेसबॉलची स्वतःची स्ट्रीमिंग सेवा) वर्षाचं सब्स्क्रिप्शन, आणि शुक्रवारसाठी ॲपल टीव्ही प्लस. रविवार दुपारच्या मॅचसाठी रोकू चॅनल, ते फुकट होतं. रविवार रात्रीची राष्ट्रीय मॅच ईएसपीएनवर होती. ब्लॅकआउट म्हणजे काय हे सगळ्यांना माहीत आहे असं धरून चालते, तरी नव्याने आलेल्यांनी एवढं लक्षात ठेवा की एमएलबी टीव्हीचे 149.99 डॉलर भरले म्हणून आपल्या गावचा संघ दिसत नाही. तो सोडून बाकीचे दिसतात. न्यूयॉर्कच्या आसपास राहणाऱ्याला मेट्सही नाही आणि यँकीजही नाही. आयोवात तर सहा संघ असे बंद आहेत, कब्स, व्हाइट सॉक्स, कार्डिनल्स, रॉयल्स, ट्विन्स आणि ब्रूअर्स, आणि आयोवात स्वतःचा मेजर लीगचा संघ एकही नाही. एमएलबी टीव्ही मी घेतलं ते नवऱ्याला डॉजर्स बघायचे असतात म्हणून.

पहिल्या दीड महिन्यात माझं मत चांगलं होतं, तेही लिहायला हवं. शुक्रवारची मॅच मला आवडायची. चित्र इतकं स्वच्छ की पिचरच्या, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याच्या, बोटांची पकड दिसते. ॲपलकडे 2022 पासून दर शुक्रवारी दोन मॅचेस आहेत आणि त्यांना ब्लॅकआउट नाही, सिॲटलला राहा की एडिसनला. मैत्रिणीला मी सांगितलंही होतं की यापुढे सगळं असंच व्हायला पाहिजे.

ते मत बदललं आवाजामुळे.

बाबांना इंग्रजी वाचता येतं, पण अमेरिकन माणूस भरभर बोलला की त्यातलं फारसं कळत नाही. तरी त्यांना मॅच कळायची. एसएनवायवर गॅरी कोहेन, कीथ हर्नांडेझ आणि रॉन डार्लिंग हे तिघं 2006 पासून एकत्र कॉमेंट्री करतात. हर्नांडेझ आणि डार्लिंग 1986 च्या जगज्जेत्या मेट्स संघातले, एक फर्स्ट बेसमन आणि दुसरा पिचर. बाबांनी महिन्याभरात या तिघांना कानाने ओळखलं. कोहेनचा आवाज एका विशिष्ट पद्धतीने वर चढला की चेंडू कुंपणापार जाणार, हे त्यांना चेंडू दिसायच्या आधी कळायचं. हर्नांडेझने उसासा टाकला की कुणीतरी फिल्डिंगमध्ये गबाळेपणा केलाय. डार्लिंग सलग बोलायला लागला की पिचर दमलाय. लहानपणापासून रेडिओवर बाळ पंडितांची क्रिकेटची मराठी कॉमेंट्री ऐकलेला हा कान. शब्द निसटले तरी तो चढउतारावरून खेळ बरोबर पकडायचा.

एक्स्क्लुझिव्ह मॅचला त्या त्या सेवेची स्वतःची माणसं असतात. ती चांगली असतात, अभ्यास करून येतात, पण त्यांना दोन्ही संघ सारखेच, आणि रोज आमच्या घरात ती नसतात. बाबा अशा मॅचला गप्प बसून बघायचे. एकदा सातव्या इनिंगला उठून झोपायला गेले. "मॅच छान आहे गं, पण सांगणारी माणसं आपली नाहीत," म्हणाले. मी त्या वेळी ते मनावर घेतलं नाही. नंतर मी स्वतः लक्ष देऊन ऐकायला लागले आणि मलाही ते जाणवायला लागलं. परवा दुखावलेला गुडघा, गेल्या आठवड्यात याच पिचरने टाकलेली चुकीची पिच, हा सगळा मागचा धागा त्या तिघांच्या बोलण्यात असतो. पाहुण्याला तो एका दिवसात कुठून येणार?

आणि मोठा क्षण वार बघून येत नाही. 2022 च्या सप्टेंबरमध्ये यँकीजचा ॲरन जज त्या सीझनमध्ये 60 होम रनवर, म्हणजे कुंपणापार फटक्यांवर, होता. रॉजर मॅरिसचा 1961 चा, एका सीझनमधल्या 61 चा अमेरिकन लीगचा विक्रम एका फटक्यावर आला होता. 23 सप्टेंबरची रेड सॉक्सविरुद्धची मॅच शुक्रवारची, म्हणून ती ॲपलकडे होती. वर्षभर जजचा प्रत्येक फटका ज्यांच्या आवाजात ऐकला ते यँकीजचे नेहमीचे कॉमेंटेटर त्या रात्री नसणार, म्हणून न्यूयॉर्कमध्ये केवढा गदारोळ झाला होता. त्या रात्री जजने होम रन मारला नाही. 61वा आला 28 तारखेला, टोरोंटोत.

आमच्या बाबतीत नशीब बरं होतं. 12 ऑगस्टला मेट्सच्या पीट अलोन्सोने कारकिर्दीतला 253वा होम रन मारून डॅरिल स्ट्रॉबेरीचा मेट्ससाठीच्या एकूण होम रनचा विक्रम मोडला, तो मंगळवार होता. फलाटाच्या रकान्यात एसएनवाय. कोहेनचा आवाज चढला आणि बाबा टाळ्या वाजवत उभे राहिले, माझी मुलगी त्यांच्याकडेच बघत राहिली. ही मॅच तीन दिवस उशिरा आली असती तर? तेव्हापासून ही एक गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. बाकी सगळ्या तक्रारी मी सोडून द्यायला तयार आहे.

पैशांचंही सांगते, कारण ते खटकलं. केबलच्या बिलात प्रादेशिक खेळांचं शुल्क वेगळं लावतात, ते किती आहे हे मी जुलैपर्यंत वाचलंच नव्हतं. वाचल्यावर फोन केला. पाऊण तास थांबवून ठेवलं, मग सांगितलं की हे शुल्क काढता येत नाही, पॅकेज बदलावं लागेल, आणि बदललं तर एसएनवाय जाईल. म्हणजे केबलवर मेट्स बघायचे तर ते द्यायचंच. आणि ते देऊनही मेट्सच्या सगळ्या मॅचेस मिळत नाहीत, कारण काही शुक्रवारी आणि काही रविवारी दुसरीकडे. ऑगस्टमध्ये ॲपलचे 9.99 चे 12.99 डॉलर झाले. तीन डॉलर म्हणजे काही फार नाही, पण एकाच संघासाठी तीन दारात पैसे टाकायचे हे माझ्यासारख्या मध्यमवर्गीय बाईला झोंबतं. बाबांनी तर हिशोब करायलाच नको म्हणून सांगितलं. रुपयात केला असता तर त्यांनी टीव्हीच बंद केला असता.

यामागचं कारण मला नंतर समजलं आणि राग थोडा निवळला. केबल सोडणारे वाढले तसा स्थानिक खेळ-चॅनलांचा पैसा आटला. डायमंड स्पोर्ट्स ही अशी चॅनलं चालवणारी सगळ्यात मोठी कंपनी मार्च 2023 मध्ये दिवाळखोरीत गेली, आणि मे अखेरीस सॅन डिएगो पाड्रेसच्या मॅचेस लीगला स्वतः दाखवायला घ्याव्या लागल्या. खेळाडूंना पैसे याच हक्कांतून जातात. जिथे पैसा आहे तिथे लीग एकेक वार विकतेय. सगळे राष्ट्रीय करार 2028 ला संपतात आणि त्यानंतर हक्क एकत्र करायचा त्यांचा विचार आहे. तोवर आपण असेच शोधत बसणार.

आता दोन चांगल्या गोष्टी, आणि त्या मला खरंच उशिरा सापडल्या.

पहिली म्हणजे अँटेना. डब्ल्यूपीआयएक्स, म्हणजे चॅनल 11, मेट्सच्या काही मॅचेस हवेतून फुकट दाखवतं आणि कॉमेंट्री त्याच तिघांची असते. वीस डॉलरचा चपटा, कागदासारखा अँटेना आणला. पहिल्यांदा टीव्हीमागे चिकटवला, काही येईना. मग बाबांनी तो हातात घेतला, मॅनहॅटन कुठल्या दिशेला ते मला विचारलं, आणि वरच्या मजल्यावरच्या मुलीच्या खोलीच्या खिडकीला धरून बोटभर वर, बोटभर उजवीकडे करत राहिले. मी खालून ओरडत होते, "आलं! गेलं! आलं, थांबा तिथंच!" सांगलीला दूरदर्शनसाठी गच्चीवर हेच चालायचं. 11.1 स्थिर झालं आणि चित्र केबलपेक्षा स्वच्छ निघालं. शिवाय उशीर नाही. स्ट्रीमिंगवर पिच पडायच्या आत नवऱ्याच्या फोनवर स्कोअर वाजायचा, त्यामुळे मॅचभर फोन दुसऱ्या खोलीत ठेवायला लागायचे. अँटेनावर तो प्रश्नच नाही. त्या दिवशी फलाटाच्या रकान्यात बाबांनी 11 लिहिलं आणि त्याच्याभोवती गोल केला.

दुसरी गोष्ट ज्या शुक्रवारांबद्दल मी एवढं लिहिलं त्यांचीच आहे, म्हणून मत पुन्हा थोडं बदलते. ॲपलच्या मॅचमध्ये आवाजाच्या यादीत जाऊन दोन्ही संघांची स्थानिक रेडिओ कॉमेंट्री निवडता येते. मला हे ऑगस्टच्या शेवटी कळलं. मेट्सचा रेडिओ लावला आणि हॉवी रोझ बोलायला लागला. एसएनवायवाले तिघं नाहीत, पण माणूस आपला. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे रेडिओवाला सगळं सांगतो: चेंडू कुठे, कोण धावतंय, पिचर टोपी नीट करतोय. बाबा सोफ्यावर मागे रेलून ऐकायला लागले. ही सोय स्क्रीनवर ठळक का दाखवत नाहीत हे मला कळत नाही. कुणाचे आईवडील येणार असतील तर पहिल्या दिवशी ही लावून द्या, आणि रिमोटची कुठली बटणं दाबायची ते कागदावर मराठीत लिहून ठेवा. मी लिहून दिलं होतं, "घर, मग उजवीकडे तीनदा, मग मधलं बटण." दुपारच्या मॅचेस ते एकटे बघायचे, तेव्हा त्याचा उपयोग झाला.

28 सप्टेंबरला शेवटची मॅच, मायामीत. जिंकले असते तर मेट्स प्लेऑफमध्ये गेले असते, कारण त्याच जागेसाठी झगडणारे सिनसिनाटीही त्या दिवशी हरले. 4-0 ने मॅच गेली. जूनच्या मध्यावर 45 विजय, 24 पराभव असा असलेला संघ 83-79 वर संपला. बाबांची परतीची बॅग भरलेली होती. त्यांनी वेळापत्रकाचं पान फ्रिजवरून काढलं, घडी घातली आणि पासपोर्टच्या पाकिटात ठेवलं.

2026 साठी काय ठेवू, काय सोडू? नोव्हेंबरमध्ये जाहीर झालं त्याप्रमाणे रविवार रात्र ईएसपीएनकडून एनबीसी आणि पीकॉककडे जातेय, सीझनची पहिली रात्र आणि होम रन डर्बी नेटफ्लिक्सकडे, एमएलबी टीव्ही विकणार ईएसपीएन, शुक्रवार ॲपलकडेच. म्हणजे फलाट अजून वाढले. माझं ठरलंय ते असं: अँटेना राहील, केबल एप्रिल ते सप्टेंबरच, ॲपल ज्या महिन्यात मेट्सचा शुक्रवार असेल तेवढ्याच महिन्यापुरतं. ज्यांना घरी एकट्या बसणाऱ्या माणसासाठी घ्यायचंय, त्यांनी एसएनवाय सोडून कशालाही हात लावू नये असं मी म्हणेन. ज्यांचा संघ दुसऱ्या गावचा आहे, त्यांनी एमएलबी टीव्ही खुशाल घ्यावं, त्यांच्यासाठी ते उत्तम आहे.

डिसेंबरात बाबांचा फोन आला. अलोन्सो मेट्स सोडून बाल्टिमोरच्या ओरिओल्सकडे गेला, ते त्यांना माझ्या आधी कळलं होतं.

"मग आता तो तुझ्याकडे कुठं दिसणार?" त्यांनी विचारलं.

बाल्टिमोर आमच्यासाठी बाहेरगाव, तिथला ब्लॅकआउट आम्हाला लागू नाही. मी सांगितलं, "बाबा, तो आता जवळजवळ रोज एकाच ठिकाणी दिसेल. एमएलबी टीव्हीवर."

थोडा वेळ फोनवर काहीच आवाज आला नाही. मग म्हणाले, "आणि आपले मेट्स?"