गृहकर्ज: हप्ता लहान हवा की कर्ज लहान हवं?

दोन बँकांचे दोन प्रस्ताव समोर ठेवून बसलेला माणूस बहुतेक वेळा दोनच आकडे बघतो, व्याजदर आणि हप्ता. दर कमी म्हणजे कर्ज स्वस्त, आणि हप्ता पगारात बसला म्हणजे कर्ज परवडलं. दोन्ही समजुती अर्ध्याच खऱ्या आहेत. घराचं कर्ज शेवटी कितीला पडलं हे दरापेक्षा मुदत जास्त ठरवते. ठरलेली मुदत संपेपर्यंत तुम्ही त्या कर्जाशी कसे वागता, याचा वाटा तर त्याहूनही मोठा असतो.

पुढची सगळी गणितं ५० लाखांच्या कर्जावर केली आहेत. चलन कुठलंही धरा, प्रमाण बदलत नाही. दर ८ टक्के, आणि व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर.

| मुदत | मासिक हप्ता | एकूण व्याज | ५ वर्षांनंतर बाकी मुद्दल |
|---|---|---|---|
| १५ वर्षं | ४७,७८३ | ३६.०१ लाख | ३९.३८ लाख |
| २० वर्षं | ४१,८२२ | ५०.३७ लाख | ४३.७६ लाख |
| २५ वर्षं | ३८,५९१ | ६५.७७ लाख | ४६.१४ लाख |
| ३० वर्षं | ३६,६८८ | ८२.०८ लाख | ४७.५३ लाख |

२० आणि ३० वर्षांच्या ओळी शेजारी ठेवा. हप्त्यात फरक ५,१३४ चा, व्याजात मात्र ३१.७ लाखांचा. एवढ्याशा फरकातून एवढी मोठी रक्कम कशी येते? पहिल्याच महिन्याचा हिशेब मांडला की उत्तर सापडतं. ५० लाखांवर ८ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज ३३,३३३ होतं, आणि ते दोन्ही कर्जांत सारखंच आहे. ३० वर्षांच्या हप्त्यातून व्याज वजा जाता मुद्दलात पडतात ३,३५५, तर २० वर्षांच्या हप्त्यातून ८,४८९. म्हणजे हप्ता फक्त १४ टक्क्यांनी वाढला, पण कर्ज फेडणारा भाग अडीच पट झाला. हप्त्यातला मोठा हिस्सा व्याजानं आधीच खाल्लेला असतो, त्यामुळे त्याच्यावर जे काही वाढवाल ते पूर्णच्या पूर्ण मुद्दलावर उतरतं.

तक्त्यातला शेवटचा रकाना सहसा कुणी मागत नाही. माझ्या मते तोच सगळ्यात महत्त्वाचा. ३० वर्षांच्या कर्जात पहिल्या ५ वर्षांत २२ लाख भरून झालेले असतात आणि मुद्दल कमी झालेलं असतं जेमतेम अडीच लाखांनी. १० वर्षांनी भरलेली रक्कम ४४.०३ लाख आणि बाकी ४३.८६ लाख. निम्मं मुद्दल फिटायला २२ वर्षांहून जास्त काळ लागतो. पुष्कळ लोक त्याआधीच घर विकतात, बँक बदलतात किंवा कर्ज फेडून टाकतात. तुमचंही तसं होण्याची शक्यता असेल, तर ३० वर्षांचं एकूण व्याज हा आकडा तुमच्या कामाचा नाही. त्या वर्षापर्यंत किती भरलेलं असेल आणि किती बाकी असेल, हे दोन्ही प्रस्तावांत बघा.

आता दराबद्दल. अर्ध्या टक्क्यासाठी चार ठिकाणी घासाघीस करणारा माणूस मुदतीच्या रकान्यात ‘जास्तीत जास्त’ लिहून मोकळा होतो. ३० वर्षांसाठी ८ ऐवजी साडेआठ टक्के दर लागला तर व्याज सुमारे ६.३ लाखांनी वाढतं. हे थोडं नाही, घासाघीस करावीच. पण साडेआठ टक्क्यांचं २० वर्षांचं कर्ज घेतलं तर एकूण व्याज ५४.१४ लाख होतं, आणि ८ टक्क्यांच्या ३० वर्षांच्या कर्जावर ८२.०८ लाख. दर महाग असलेलं कर्ज इथे जवळपास २८ लाखांनी कमी व्याज घेतं.

इथवर वाचून ३० वर्षांचं कर्ज म्हणजे शुद्ध मूर्खपणा, असं वाटलं असेल तर थांबा. दुसरी बाजूही तितकीच खरी आहे, आणि गृहकर्जावरच्या लिखाणात ती बहुधा गाळली जाते. ८२ लाख हा आकडा आजच्या आणि ३० वर्षांनंतरच्या पैशाची एकत्र बेरीज करून आला आहे. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर ३६,६८८ चा हप्ता २० वर्षांनंतर आजच्या १३,८०० एवढाच जड वाटेल. शिवाय दरमहा वाचलेले ५,१३४ हवेत विरत नाहीत. ते कुठेतरी जातात, आणि खरा प्रश्न तिथेच आहे.

समजा, ३० वर्षांचं कर्ज घेणाऱ्यानं हा फरक २० वर्षं न चुकता गुंतवला. २० वर्षांनंतर त्याच्या डोक्यावर ३०.२४ लाखांची बाकी असेल; तोवर शेजारच्याचं २० वर्षांचं कर्ज फिटलेलं असेल. गुंतवणुकीवर कर वजा जाता ६ टक्के मिळाले तर जमा झालेले असतील २३.७ लाख, म्हणजे साडेसहा लाख कमी. ८ टक्के मिळाले तर बरोबर ३०.२४ लाख, हिशेब तिथल्या तिथे चुकता. १० टक्के मिळाले तर जवळपास ३९ लाख, म्हणजे कर्ज फेडून पावणेनऊ लाख हातात. ३१.७ लाखांच्या त्या भल्यामोठ्या फरकाचं खरं रूप हे असं आहे. कर्जाच्या दरापेक्षा जास्त परतावा, तोही कर भरून, मिळवू शकणाऱ्याला लांब मुदत महाग पडत नाही. फक्त दोन गोष्टी ध्यानात ठेवा. कर्जफेडीतून वाचणारे ८ टक्के पक्के असतात, बाजारातले १० टक्के आशेवरचे. आणि दुसरं म्हणजे, हप्त्यातले वाचलेले पाच हजार महिन्याच्या महिन्याला बाजूला काढणारी माणसं मी फार कमी पाहिली आहेत. ते पैसे घरखर्चात कधी मिसळून जातात ते कळतही नाही. तसं होणार असेल तर ३१.७ लाखांचा आकडाच तुमच्यासाठी खरा.

स्थिर दर घ्यावा की बदलता, हा वाद नेहमी भविष्य सांगण्याच्या अंगानं होतो: दर वाढतील की उतरतील? ते कुणालाच सांगता येत नाही. त्यापेक्षा दर वाढल्यावर तुमच्या कर्जाचं काय होईल ते तपासा. ८ टक्क्यांचं २० वर्षांचं कर्ज आहे आणि दोन वर्षांनी दर ९ टक्के झाला असं धरू. बँकेनं हप्ता वाढवला तर तो ४१,८२२ वरून ४४,७६० होतो आणि उरलेल्या १८ वर्षांत सुमारे ६.३ लाख जास्त जातात. हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली तर कर्ज आणखी ४४ महिने चालतं आणि जास्तीचे जातात साडेअठरा लाख. पुष्कळदा मुदत वाढवण्याचा मार्ग आपसूक निवडला जातो, कारण त्यात कर्जदाराला काहीच जाणवत नाही. दर वाढल्याचं पत्र आलं की ते फाइलला लावण्याआधी बँकेला एकच प्रश्न विचारा: हप्ता वाढला की मुदत?

३० वर्षांच्या कर्जात तर हे आणखी बिकट. दोन वर्षांनंतर बाकी ४९.१३ लाख असते आणि ९ टक्क्यांनी त्याचं मासिक व्याज ३६,८४८ होतं. हप्ता ३६,६८८. म्हणजे हप्त्यातून व्याजही पुरतं निघत नाही, आणि नेमानं हप्ते भरूनही कर्ज वाढू लागतं. अशा वेळी मुदत कितीही वाढवली तरी उपयोग नाही, हप्ता वाढवावाच लागतो. लांब मुदतीचं कर्ज दरवाढीला किती हळवं असतं ते यावरून कळावं. स्थिर दरासाठी एक टक्का जास्त, म्हणजे ९ टक्के मागत असतील, तर २० वर्षांचा हप्ता ४४,९८६ होतो. बदलत्या दराच्या कर्जात दोन वर्षांनी एक टक्का वाढ झाल्यावरही हप्ता जवळपास इथेच पोचला होता, आणि आधीची दोन वर्षं स्वस्तात गेली होती. स्थिर दराचा फायदा व्हायचा तर दर पहिल्या काही वर्षांतच त्याहून बराच वर जायला हवा, कारण तेव्हाच बाकी मोठी असते. पण हप्त्यात तीन हजारांची वाढही झेपणार नाही इतकं उत्पन्न ताणलेलं असेल, तर स्थिर दराचे जादा पैसे हा विमा समजून द्यावेत. फक्त तो दर पूर्ण मुदतीसाठी स्थिर आहे की दोन-तीन वर्षांपुरता, हे करारात स्वतः वाचा. सुरुवातीला दर कमी ठेवून पुढे चढवणाऱ्या योजनांनाही हाच नियम लागू.

शुल्कांचं फार लांबवत नाही. एका प्रस्तावात ८.२५ टक्के दर आणि शुल्क शून्य, दुसऱ्यात ८ टक्के दर पण ५० हजार प्रोसेसिंग फी. २० वर्षांच्या हप्त्यात फरक ७८१ चा. नुसता भागाकार केला तर फी वसूल व्हायला ६४ महिने लागतील असं वाटतं. पण कमी दराच्या कर्जात मुद्दलही थोडं जलद उतरतं. ते धरलं तर सुमारे ४ वर्षांत बरोबरी होते. त्याहून जास्त काळ कर्ज ठेवणार असाल तर फी द्या, नाहीतर देऊ नका. कर्जासोबत विमा गळ्यात मारला जात असेल आणि त्याचा, समजा १ लाखाचा, एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला जात असेल, तर ते १ लाख २० वर्षांत २ लाख होतात आणि ३० वर्षांत २.६४ लाख. विमा हवा असेल तर वेगळा घ्या, वेगळा भरा.

एखाद्या प्रस्तावात संशयास्पद कमी दर दिसला तर तो ‘फ्लॅट’, म्हणजे मुद्दल फिटत गेलं तरी शेवटपर्यंत मूळ रकमेवरच व्याज लावणारा, नाही ना ते बघा. १० वर्षांसाठी ५ टक्के फ्लॅट म्हणजे शिल्लक मुद्दलावरच्या हिशेबानं सुमारे ८.७ टक्के.

मुदतीआधी केलेल्या परतफेडीत कधी भरता आणि त्यानंतर काय कमी करून घेता, या दोन्हींना महत्त्व आहे. २० वर्षांच्या कर्जात दोन वर्षांनी २ लाख जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर कर्ज जवळपास १९ महिने आधी संपतं आणि ५.९ लाख व्याज वाचतं. तेच २ लाख भरून मुदत तशीच ठेवली आणि हप्ता कमी करून घेतला, तर वाचतात १.८ लाख. आणि तेच २ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर, हप्ता तोच ठेवूनही, ९२ हजार. शेवटच्या वर्षांत जिवाचा आटापिटा करून कर्ज फेडण्यात समाधान असेल, पैसा फारसा नसतो.

म्हणूनच उत्पन्न कमी-जास्त होणाऱ्याला, किंवा घरात एकच कमावता असेल त्याला, मी एक मधला मार्ग सुचवतो: कर्ज ३० वर्षांचं घ्यायचं आणि हप्ता २० वर्षांचा भरायचा. दर सारखा असेल आणि जादा रक्कम त्याच महिन्यात मुद्दलात जमा होत असेल, तर कर्ज २० वर्षांतच संपतं. अडचणीच्या महिन्यात मात्र ३६,६८८ भरून सुटता येतं, बँकेच्या दारात उभं राहावं लागत नाही. यासाठी लांब मुदतीचा दर जास्त नसावा आणि जादा भरण्यावर दंड नसावा. जादा रक्कम खात्यातून आपोआप वळती होण्याची सोयही पहिल्याच महिन्यात करून ठेवा, ‘पुढच्या महिन्यापासून’ नको. उत्पन्न पक्कं असेल आणि शिस्तीबद्दल स्वतःचीच खात्री नसेल, तर सरळ २० वर्षांचंच कर्ज घ्या. बचतीची सक्ती बँकच करेल.

राहिला प्रश्न मध्येच बँक बदलण्याचा, कारण कधी ना कधी तसा फोन येतोच. २० वर्षांच्या कर्जाची ८ वर्षं झाली आहेत, बाकी ३८.६४ लाख, आणि नवी बँक साडेसात टक्के देते आहे. हप्ता ४१,८२२ वरून ३१,१२५ होईल असं सांगितलं जातं. ऐकायला छान वाटतं, पण ते कर्ज नव्यानं २० वर्षांचं असतं. जुन्या बँकेत १२ वर्षांत ६०.२२ लाख भरायचे होते, नवीन ठिकाणी ७४.७ लाख भरावे लागतील. दर उतरूनही साडेचौदा लाख जास्त. उरलेली १२ वर्षंच मागितली तर हप्ता ४०,७७० होतो आणि एकूण दीड लाख वाचतात. नव्या बँकेची फी, कागदपत्रांचा आणि मूल्यांकनाचा खर्च त्या दीड लाखांतूनच जाणार. तो खर्च लेखी मागून घ्या, आणि जुन्या बँकेलाही एकदा विचारा, कारण किरकोळ शुल्क घेऊन तीही दर कमी करून द्यायला तयार होते.