कॅनडाच्या साहित्याचा अभ्यास : आधी ग्रंथसूची की आधी समीक्षा?

आपल्याकडच्या विद्यापीठांत इंग्रजी विभागातील जो विद्यार्थी कॅनडाच्या साहित्यावर प्रबंध लिहायचे ठरवतो, त्याच्या हातात पहिल्यांदा पडणारे समीक्षेचे पुस्तक बहुधा कॅनेडियन लेखिका मार्गारेट ॲटवुड यांचे १९७२ सालचे ‘सर्व्हायव्हल’ हेच असते. ते वाचनीय आहे आणि त्याची मांडणी ठाम आहे. शिवाय त्यातले ‘तगून राहण्या’चे सूत्र हाताशी आले की जवळजवळ कोणतीही कॅनेडियन कादंबरी त्यात बसवता येते. हेच त्या पुस्तकाचे बळ आहे आणि नव्या अभ्यासकासाठी तोच त्याचा धोकाही आहे. म्हणून ग्रंथसूची आणि समीक्षा अशी दोन्ही प्रकारची साधने शेजारी ठेवून, कोणते कशासाठी घ्यावे आणि कोणत्या क्रमाने घ्यावे, हे पाहणे मला आवश्यक वाटते. माझा कल आधीच सांगतो: पहिले काही दिवस सूचीत घालवावेत आणि सूत्र सांगणारे पुस्तक त्यानंतर उघडावे.

सूचींमध्ये सर्वांत व्यापक काम रेजिनाल्ड वॉटर्स यांचे आहे. ‘अ चेकलिस्ट ऑफ कॅनेडियन लिटरेचर अँड बॅकग्राउंड मटीरियल्स’ ही त्यांची सूची टोरोंटो विद्यापीठाच्या प्रकाशन विभागाने १९५९ मध्ये काढली. तिने १६२८ ते १९५० हा काळ घेतला होता आणि १९७२ च्या दुसऱ्या आवृत्तीत तो १९६० पर्यंत वाढवण्यात आला. न्यूफाउंडलंडच्या वसाहतीत राहिलेल्या रॉबर्ट हेमन यांची इंग्रजी पद्ये लंडनमध्ये छापली गेली, ते साल १६२८ होते. पहिल्या भागात कविता, कथा-कादंबरी आणि नाटक आहे. दुसऱ्या भागात चरित्रे, निबंध, प्रवासवर्णने, स्थानिक इतिहास, धर्मविषयक लेखन असे पार्श्वभूमीचे साहित्य आहे. पुस्तक चांगले की सामान्य, याचा निवाडा वॉटर्स करत नाहीत. ते फक्त नोंद करतात आणि कोणत्या ग्रंथालयात प्रत आहे हे चिन्हांनी दाखवतात. मराठी वाचकाला शंकर गणेश दाते यांच्या मराठी ग्रंथसूचीची आठवण यावी असे हे काम आहे. दाते सूची चाळताना आपण एखादा विसरलेला लेखक शोधतो आणि त्याच्या आगेमागे तितकेच विसरलेले आणखी दहा सापडतात. वॉटर्स यांच्या पानांवर नेमके तेच घडते.

मात्र या सूचीत टिपा नाहीत, आणि एखाद्या पुस्तकाविषयी पुढे कोणी काय लिहिले हे तिच्यातून कळत नाही. त्यासाठी वॉटर्स यांनीच इंग्लिस बेल यांच्याबरोबर १९६६ मध्ये ‘ऑन कॅनेडियन लिटरेचर’ ही १८०६ ते १९६० या काळातील लेख, ग्रंथ आणि प्रबंधांची वेगळी सूची केली. एकोणिसाव्या शतकावर किंवा विसाव्याच्या पूर्वार्धावर काम करणाऱ्याने या दोन्ही सूची सोबत ठेवाव्यात. त्यानंतरच्या लेखकांसाठी मात्र त्यांचा थेट उपयोग नाही, हे स्पष्ट समजून घेतले पाहिजे.

लेखक ठरलेला असेल आणि तो १९७०-८० च्या दशकांत प्रतिष्ठा पावलेल्यांपैकी असेल, तर सर्वांत उपयुक्त साधन म्हणजे रॉबर्ट लेकर आणि जॅक डेव्हिड यांनी संपादित केलेली ‘द ॲनोटेटेड बिब्लिओग्राफी ऑफ कॅनडाज मेजर ऑथर्स’ ही सटीप सूची. तिचे आठ खंड १९७९ ते १९९४ या काळात निघाले. पहिल्या खंडात ॲटवुड यांचे गद्य, मार्गारेट लॉरेन्स, ह्यू मॅक्लेनन, मॉर्डेकाय रिचलर आणि गॅब्रिएल रॉय आहेत. दुसऱ्यात ॲटवुड यांची कविता, लेनर्ड कोहेन, आर्चिबाल्ड लॅम्पमन, ई. जे. प्रॅट आणि अल पर्डी आहेत. प्रत्येक लेखकासाठी आधी त्याचे स्वतःचे लेखन, हस्तलिखितांसह, आणि मग त्याच्यावरचे लेखन अशी रचना आहे. समीक्षालेखांना जोडलेल्या टिपांवरून कोणता लेख मिळवण्यासाठी खटपट करावी आणि कोणता सोडून द्यावा, हे घरी बसून ठरवता येते. ज्याला प्रत्येक लेखासाठी दूरच्या ग्रंथालयाकडे मागणी पाठवावी लागते, त्याच्या दृष्टीने या टिपांचे मोल फार मोठे आहे.

या सूचीच्या नावातला ‘मेजर’ हा शब्द मात्र निष्पाप नाही. कोण मोठे हे संपादकांनी आधी ठरवले, मग त्यांच्यावरची सामग्री गोळा केली, आणि सामग्री सहज मिळू लागल्यामुळे पुढचे अभ्यासकही त्याच लेखकांकडे वळले. ही प्रक्रिया लेकर यांना स्वतःलाही जाणवली असावी, कारण १९९० मध्ये ‘क्रिटिकल इन्क्वायरी’ या नियतकालिकात त्यांनी कॅनडाच्या साहित्यातील मान्यवरांची यादी किती घाईने आणि कोणत्या संस्थात्मक गरजांमुळे तयार झाली, याची कठोर चिकित्सा केली. त्याच अंकात समीक्षक फ्रँक डेव्ही यांनी त्यांना दिलेले उत्तरही वाचावे. सूची ही तटस्थ यादी असते हा समज दूर करण्यासाठी याहून चांगली वाचनसामग्री मला माहीत नाही. वॉटर्स यांची सूची कोरडी असली तरी या बाबतीत ती अधिक उदार आहे, असे मला वाटते.

आता समीक्षेकडे वळू. येथे पाया कार्ल क्लिंक यांच्या संपादकत्वाखाली १९६५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘लिटररी हिस्टरी ऑफ कॅनडा’ने घातला. १९७६ मध्ये त्याची तीन खंडांची आवृत्ती निघाली आणि १९९० मध्ये डब्ल्यू. एच. न्यू यांनी चौथा खंड जोडला. अनेक लेखकांनी मिळून लिहिलेला हा इतिहास इंग्रजी लेखनापुरता आहे, पण त्यात ललित साहित्याबरोबर इतिहासलेखन, प्रवास आणि तत्त्वज्ञान यांनाही जागा आहे. तो सलग वाचण्याचा ग्रंथ नव्हे; ज्या काळावर काम आहे तेवढी प्रकरणे काढून वाचावीत. अपवाद एकच, समीक्षक नॉर्थ्रॉप फ्राय यांनी लिहिलेला समारोप. अफाट निसर्गाच्या वेढ्यात सापडलेल्या लहानलहान वस्त्यांनी स्वतःभोवती मनाचीही तटबंदी उभी केली, ही त्यांची ‘गॅरिसन’ (किल्ल्यातील शिबंदी) वृत्तीची कल्पना येथूनच पुढे गेली. ‘मी कोण?’ यापेक्षा ‘इथे म्हणजे कुठे?’ हा प्रश्न कॅनडाच्या जाणिवेला अधिक छळतो, हेही त्यांनी येथेच म्हटले. केवळ मूल्यमापन करायला बसलो तर हे साहित्य पिसे उपटलेल्या चंडोलासारखे होईल, असे म्हणून त्यांनी श्रेष्ठ-कनिष्ठाचा प्रश्न बाजूला ठेवला आणि समाजाच्या कल्पनाविश्वाचा पुरावा म्हणून साहित्याकडे पाहिले. त्यातून पुढची आशयसूत्रांची, म्हणजे साहित्यातून वारंवार येणारे विषय शोधणारी, समीक्षा निघाली.

‘सर्व्हायव्हल’ हे त्याच वाटेवरचे पुस्तक आहे. अमेरिकेचे प्रतीक सरहद्द, इंग्लंडचे बेट, तर कॅनडाचे तगून राहणे, असे ॲटवुड मांडतात आणि बळी पडण्याच्या चार अवस्था सांगतात: बळी असल्याचे नाकारणे; ते मान्य करून नियतीवर ढकलणे; ते मान्य करूनही अटळ न मानणे; आणि शेवटी सर्जनशील, बळी नसलेला माणूस होणे. अनान्सी या छोट्या प्रकाशनसंस्थेसाठी, सामान्य वाचक आणि शिक्षक यांना डोळ्यांसमोर ठेवून ते लिहिले गेले, आणि म्हणूनच प्रकरणांच्या शेवटी वाचनाच्या याद्या आहेत. हा मूळ हेतू विसरून प्रबंधात ते अंतिम प्रमाण म्हणून उद्धृत केले जाते, तेव्हा चार अवस्थांच्या चार प्रकरणांत एखादी कादंबरी चिरून भरली जाते आणि त्या कादंबरीची भाषा, तिचे निवेदन, तिची रचना यांच्याबद्दल एक ओळही लिहिली जात नाही. नेमक्या याच दोषावर फ्रँक डेव्ही यांनी १९७६ मध्ये ‘सर्व्हायव्हिंग द पॅराफ्रेज’ या निबंधात बोट ठेवले. आशयसूत्रांची समीक्षा साहित्यकृतीचा गोषवारा काढते आणि गोषवाऱ्यालाच साहित्य समजते, हा त्यांच्या आक्षेपाचा गाभा होता. माझ्या मते तो आक्षेप आजही लागू आहे.

‘सर्व्हायव्हल’मध्ये आदिवासी जमाती प्रामुख्याने गोऱ्या लेखकांच्या लेखनातील प्रतीके म्हणून येतात, त्यांचे स्वतःचे लेखक तेथे नाहीत. १९९० मध्ये थॉमस किंग यांच्या कथांवर लिहिताना ॲटवुड यांनी ही उणीव प्रांजळपणे मान्य केली. त्यामुळे आदिवासी साहित्यावर काम करायचे असेल, तर सुरुवात येथून करू नये. किंग यांचे ‘द ट्रूथ अबाउट स्टोरीज’ किंवा डॅनियल हीथ जस्टिस यांचे २०१८ सालचे ‘व्हाय इंडिजिनस लिटरेचर्स मॅटर’ घ्यावे.

एकच इतिहासग्रंथ विकत घेणे परवडणार असेल, तर मी डब्ल्यू. एच. न्यू यांचा ‘अ हिस्टरी ऑफ कॅनेडियन लिटरेचर’ सुचवेन, आणि तोही २००३ च्या दुसऱ्या आवृत्तीत. मूळ १९८९ चा हा ग्रंथ एकाच लेखकाचा असल्यामुळे त्यात एक दृष्टी आहे. तो मूळ रहिवाशांच्या मौखिक परंपरेपासून सुरू होतो आणि इंग्रजी-फ्रेंच दोन्ही साहित्ये एकत्र घेतो. २००९ चा ‘केंब्रिज हिस्टरी ऑफ कॅनेडियन लिटरेचर’ अधिक अद्ययावत आहे. पण तो अनेक तज्ज्ञांचा आहे आणि फ्रेंच लेखन त्यात शेवटच्या स्वतंत्र भागात येते. विशिष्ट विषयावरचे एखादे प्रकरण हवे असेल तर तो ग्रंथालयात पाहावा. फ्रेंच वाचता येत असेल आणि विषय क्वेबेक हा फ्रेंचभाषक प्रांत असेल, तर मोरिस लमीर यांच्या संपादनाखाली १९७८ पासून निघू लागलेला क्वेबेकच्या साहित्यकृतींचा कोश या सर्वांपेक्षा पुढे आहे.

आपल्याकडे रोहिंटन मिस्त्री यांच्यावर काम करण्याची इच्छा अनेकांना असते, आणि ते स्वाभाविक आहे. ते मुंबईत वाढले, १९७५ मध्ये कॅनडात गेले, आणि त्यांच्या कादंबऱ्यांत मुंबईच आहे. पण वॉटर्स यांची सूची १९६० ला थांबते आणि लेकर-डेव्हिड यांचे ‘मोठे लेखक’ त्यांच्या आधीच्या पिढीचे आहेत. ‘सर्व्हायव्हल’ तर मिस्त्री यांच्या पहिल्या पुस्तकापूर्वी पंधरा वर्षे लिहिलेले आहे. त्याचे सूत्र पारशी वसाहतीला लावणे म्हणजे दुसऱ्याच्या मापाचा अंगरखा घालणे होय. येथे नियतकालिकेच उपयोगी पडतात. जॉर्ज वुडकॉक यांनी १९५९ मध्ये ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठातून सुरू केलेल्या ‘कॅनेडियन लिटरेचर’ने १९९२ मध्ये दक्षिण आशियाई संबंधांवर अंक काढला, एम. जी. वसनजी यांनी संपादित केलेला ‘अ मीटिंग ऑफ स्ट्रीम्स’ हा १९८५ चा लेखसंग्रहही पाहावा. त्यापुढे एमएलए (मॉडर्न लँग्वेज असोसिएशन) या अमेरिकी संस्थेची आंतरराष्ट्रीय सूची विद्यापीठामार्फत मिळत असेल तर तीच मुख्य आधार मानावी.

‘कॅनेडियन लिटरेचर’चे जुने अंक आता इंटरनेटवर मोफत वाचायला मिळतात, त्यामुळे पैशाची अडचण असलेल्या विद्यार्थ्यालाही सुरुवात तेथून करता येते. डेव्ही यांचा निबंध त्याच्या ७० व्या अंकात आहे. तो ‘सर्व्हायव्हल’च्या आधी वाचावा की नंतर, असे कोणी विचारले तर मी नंतर असेच सांगेन, पण दोन्ही त्याच आठवड्यात वाचावीत, प्रबंधाचा आराखडा लिहून होण्यापूर्वी.