स्वप्नात जाग आणणारी पट्टी : सात महिन्यांच्या वापरानंतर

ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली, तेव्हा आम्ही गावभागातल्या घरात वरच्या मजल्यावर अडकलो होतो आणि जिन्याच्या कितव्या पायरीपर्यंत पाणी चढले, हे मी रात्रभर बॅटरी मारून पाहत होते. दुसऱ्या दिवशी सासूबाईंना खिडकीतून बोटीत उतरवले आणि आम्ही सगळे सुखरूप बाहेर पडलो. त्यानंतर मात्र दर पावसाळ्यात, आणि पुढे पुढे पावसाळा नसतानाही, तोच जिना स्वप्नात येत राहिला. पाणी सातव्या पायरीला लागलेले असते, खालच्या माजघरातून सासूबाई हाक मारत असतात आणि माझे पाय जागचे हलत नाहीत. स्वप्न चालू असतानाच ‘हे स्वप्न आहे’ असे भान आणून देणारी ही पट्टी मी घेतली ती केवळ या एका स्वप्नासाठी, त्यामुळे स्वप्नात हवेत उडण्याची मौज अनुभवायची असणाऱ्यांना माझ्या अनुभवाचा उपयोग थोडाच होईल.

लेकीने पुण्याहून ती नोव्हेंबरमध्ये पाठवली. झोपताना डोळ्यांवर बांधायच्या या जाडसर पट्टीच्या आतल्या बाजूला पापणीची हालचाल टिपणारे सेन्सर आणि तांबडे छोटे दिवे बसवलेले आहेत. झोपेत डोळे पापण्यांखाली जलद हलू लागले की ती बहुधा स्वप्नाची वेळ असते, हे शिकागो विद्यापीठातल्या ॲझेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी १९५३ मध्ये दाखवून दिले. पट्टी ती वेळ ओळखून दिवे लुकलुकवते. दिवे तांबडे असतात, कारण मिटलेल्या पापणीतून तांबडा प्रकाश इतर रंगांपेक्षा अधिक आत पोहोचतो. झोपलेल्याने तो प्रकाश स्वप्नातच ओळखावा आणि ‘हे स्वप्न आहे’ हे त्याच्या ध्यानात यावे, अशी ही योजना आहे.

हे थोतांड नव्हे, याची खात्री करून घेतल्यावरच मी पैसे खर्चू दिले. स्वप्नाच्या झोपेत शरीराचे स्नायू ढिले पडलेले असतात, पण डोळे हलू शकतात. याच वाटेने १९७५ मध्ये इंग्लंडच्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांनी स्वप्नात भान आलेल्या माणसाकडून, आधी ठरवून ठेवलेली डोळ्यांची खूण मिळवली. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चार देशांतल्या प्रयोगांत एका झोपलेल्या तरुणाला आठातून सहा वजा करायला सांगितले, तेव्हा त्याने डोळे दोनदा हलवून उत्तर दिले. भान येते, हे खरे आहे. ‘स्वप्नांना हवा तो आकार द्या’ असे खोक्यावर छापले आहे, ते मात्र खरे नाही, निदान माझ्या अनुभवात तरी नाही.

पहिले दोन महिने पट्टीने मला नुसतेच जागे केले. दिव्यांची तीव्रता चारवरून दोनवर आणली आणि झोपल्यानंतर साडेचार तासांनीच ते लागतील असे ठरवून दिले, तेव्हा कुठे झोपमोड थांबली. रात्रीच्या पूर्वार्धात स्वप्नाची झोप थोडी असते आणि पहाटेकडे ती लांबत जाते, त्यामुळे लवकर दिवे लावण्यात काही अर्थ नसतो. ही सूचना माहितीपत्रकात पहिल्या पानावर हवी होती.

याहून महत्त्वाची गोष्ट त्या पत्रकात एका ओळीत उरकली आहे. दिवा स्वप्नात दिवा म्हणून येत नाही, तो स्वप्नाच्या गोष्टीत मिसळून जातो. माझ्या वहीत अशा एकोणीस नोंदी आहेत. कधी तो पुढच्या रिक्षाचा मागचा दिवा होता, कधी गणपतीच्या मांडवाची झालर, कधी फळ्यावर आपोआप उमटून पुसली जाणारी लाल खडूची रेघ, आणि एकदा तर आईच्या हातून सांडलेले कुंकू. यांतल्या तेरा वेळा मला काहीच कळले नाही. म्हणून दिवसा सवय लावून घ्यावी लागते. तांबडे काही दिसले की ‘मी जागी आहे का?’ असे स्वतःला विचारायचे आणि समोरची अक्षरे दोनदा वाचायची, कारण स्वप्नातली अक्षरे दुसऱ्या वाचनात बहुधा बदललेली असतात. मी मिरजेच्या एसटीची पाटी रोज दोनदा वाचत असे.

मार्चच्या सुरुवातीला एका पहाटे जिना पुन्हा आला. पाण्यावर तांबडी झळाळी पसरली, विझली, पुन्हा पसरली. मी भिंतीवरच्या दिनदर्शिकेकडे पाहिले. पहिल्यांदा तिथे ‘ऑगस्ट’ होते, दुसऱ्यांदा पाहिले तर अक्षरेच नव्हती. पाणी ओसरावे असे मी मनापासून म्हटले, पण ते ओसरले नाही. मग आठव्या पायरीवर बसून मी पाण्यात हात घातला. ते कोमट होते. हाक येतच होती, पण पाय हलले. मी एक पायरी उतरले आणि जाग आली. उशी ओली झाली होती. एवढेच घडले, तरी इतक्या वर्षांत ते कधी घडले नव्हते.

त्यानंतर ते स्वप्न चारदा पडले. भान पुन्हा एकदाच आले, पण उरलेल्या तिन्ही वेळा, भान नसतानाही, मी खाली उतरत होते. याचे सगळे श्रेय पट्टीला देणे अप्रामाणिकपणाचे होईल. मानसोपचारतज्ज्ञ डॉक्टरांनी मला स्वप्नाचा शेवट जागेपणी बदलून लिहायला आणि रोज दहा मिनिटे तो मनात घोळवायला सांगितले होते, आणि पाण्यात हात घालणे त्या लेखनातूनच आले होते. ज्यांना भयस्वप्नांचा त्रास आहे, त्यांनी आधी डॉक्टर गाठावेत. त्या उपायाला फक्त वही लागते.

दोष सांगायलाच हवेत. एप्रिलच्या उकाड्यात आतला फोम घामाने भिजतो आणि नाकाच्या कडेला पुरळ उठते. कुशीवर झोपले की सेन्सर सरकतो आणि भलत्याच वेळी दिवे लागतात. एकदा जाग आल्यावर मिनिटभर अंग हलेना आणि छातीवर कोणी बसल्यासारखे वाटले. स्नायूंचा ढिलेपणा जाग आल्यावरही क्षणभर राहिल्याने तसे होते, हे ठाऊक असूनही मी घाबरले. लुकलुकत्या प्रकाशाने ज्यांना झटका येऊ शकतो, त्या अपस्माराच्या रुग्णांनी ही पट्टी वापरू नये, आणि हा इशारा खोक्यावर मोठ्या अक्षरांत असायला हवा होता.

सर्वांत गंभीर आक्षेप मोबाइल ॲपवर आहे. स्वप्न बोलून नोंदवा, असे ते रोज सकाळी सुचवते आणि ती नोंद कंपनीकडे साठवली जाते. माणूस जे घरच्यांनाही सांगत नाही, ते कंपनीला का सांगावे? मी ती परवानगी बंद केली आणि दोनशे पानी वही उशाशी ठेवली.

आता रोज बांधत नाही. दिव्यांची तीव्रता दोनवरच ठेवून फक्त शनिवारी रात्री बांधते, कारण रविवारी शाळा नसते आणि वही लिहायला सकाळ मोकळी मिळते.