फोटोवर नाव टाकायचं: मोबाइलवर की कॉम्प्युटरवर?

गोंदियाकडच्या एका धानाच्या बांधीत मला सारसांची जोडी मिळाली होती. पहाटेपासून धुऱ्यावर बसून काढलेला तो फोटो. कोपऱ्यात बारीक अक्षरात नाव टाकून ग्रुपवर पाठवला. आठवडाभरात तो चौकातल्या वाढदिवसाच्या फ्लेक्सवर दिसला, नावाचा कोपरा कापून! फार जिवाला लागलं. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा फोटो पाठवला की फाइलच्या आतली माहितीही निघून जाते. ओळख उरते ती फोटोवर दिसणाऱ्या नावाचीच.

रोजचे दोन-चार फोटो असतील तर मोबाइल पुरतो. कॅनव्हा या ॲपमध्ये मांडणी सुबक होते, पण त्याला सहसा नेट लागतं आणि आमच्याकडे पावसाळ्यात रेंजचा भरवसा नसतो. पिक्सेललॅब हे ॲप नेटशिवाय चालतं, आपल्या आवडीचा फॉन्ट त्यात टाकता येतो, अक्षरं हवी तेवढी फिकी करता येतात. मी तेच सुचवीन.

लग्नाचे पाच-सहाशे फोटो मात्र मोबाइलवर करू नका. इरफानव्ह्यू हे कॉम्प्युटरवरचं सॉफ्टवेअर एकदा सेटिंग केलं की अख्ख्या फोल्डरवर नाव टाकून देतं. ते विंडोजवर चालतं आणि घरगुती वापराला फुकट आहे. स्टुडिओसाठी परवाना विकत घ्यावा लागतो. गिंप हे फोटो एडिट करायचं सॉफ्टवेअर धंद्यालाही फुकट, पण त्यात एकेक फोटो उघडत बसावं लागतं. त्याची खरी ताकद मराठी अक्षरांत आहे. जुन्या फोटोशॉपमध्ये वेलांटी भलत्याच बाजूला जाते, जोडाक्षरं सुटतात. गिंपमध्ये तसं होत नाही. फॉन्ट 'टिरो देवनागरी मराठी' घ्या, फुकट आहे आणि त्यातले ल, श आपल्या मराठी वळणाचे आहेत.

म्हणून मी दोन्ही वापरतो. गिंपमध्ये नाव एकदाच बनवून मागची बाजू पारदर्शक राहणारी पीएनजी फाइल म्हणून ठेवलंय (जेपीजी केलं तर मागे पांढरा डबा येतो) आणि तेच इरफानव्ह्यूतून सगळ्या फोटोंवर चढवतो. जागा कोपऱ्याची नको. सारसाच्या फोटोत आता नाव त्याच्या पायांजवळ, धानाच्या पात्यांवर फिकं येतं. तिथून ते कापायचं तर पक्षीच कापावा लागेल.

लग्नाच्या फोटोंचं वेगळं आहे. वेगळा करार नसेल, तर १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार पैसे देऊन काढवून घेतलेल्या फोटोंचा पहिला हक्क गिऱ्हाइकाचा असतो. त्यामुळे अल्बमच्या फोटोंवर मी नाव टाकत नाही, फक्त निवडीसाठी पाठवलेल्या फोटोंवर मधोमध टाकतो.